खरखरीसकट गंधर्व

आवडत्या बँडचं सगळं संगीत 'लॉसलेस' स्वरूपात जमवणारे लोक जगभर आहेत. एमपीथ्री फाइल लहान करण्यासाठी आवाजातला काही भाग कायमचा काढून टाकते. 2001 साली आलेलं फ्लॅक काहीही टाकत नाही, फक्त घट्ट घडी घालतं. माझा 'बँड' जरा जुना आहे: 1913 साली निघालेली बालगंधर्वांची गंधर्व नाटक मंडळी.

यांचं गाणं जमवायला लागलं की पहिल्यांदा कळतं ते हे, की खरा लॉस फाइल बनण्याच्या फार आधी झालेला आहे. रंगभूमीवर वन्स मोअर घेत लांबणारं पद दहा इंची तबकडीच्या एका बाजूत, जेमतेम तीन मिनिटांत बसवावं लागे. 1925च्या सुमारास विद्युत ध्वनिमुद्रण येईपर्यंत मायक्रोफोनही नव्हता. गायचं ते कर्ण्यासमोर, आणि कर्णा पकडेल तेवढंच उरायचं.

दुसरा घोटाळा वेगाचा. सगळ्या जुन्या तबकड्यांना आपण '78 आरपीएम' म्हणतो, पण सुरुवातीच्या काळात हा वेग पक्का नव्हता. मिनिटाला 74 फेऱ्यांनी मुद्रित केलेली तबकडी 78ने वाजवली, तर तीन मिनिटांचं पद नऊ सेकंद आधी संपतं आणि काळी एकचा स्वर जवळजवळ पांढरी दोनवर जातो. त्याची फ्लॅक केली, तर चुकीचा स्वर एकही बिट न गळता जपला जातो.

म्हणून फाइलइतकीच तिच्यासोबतची नोंद महत्त्वाची: तबकडीवर कोरलेला क्रमांक, लेबलवरचा मजकूर, वाजवल्याचा वेग. 1902 साली कलकत्त्यात गौहरजान गाण्याच्या शेवटी स्वतःचं नाव सांगत, कारण तबकड्या जर्मनीत हानोव्हरला तयार होत आणि तिथल्या माणसांना लेबलवर काय छापायचं ते कळायला हवं. नोंदीची ही गरज तितकी जुनी आहे.

आपल्याकडे हे काम संग्राहकांनी केलं. 1990 साली मुंबईत 'सोसायटी ऑफ इंडियन रेकॉर्ड कलेक्टर्स' सुरू झाली. तिचे सचिव डॉ. सुरेश चांदवणकर टाटा मूलभूत संशोधन संस्थेतले भौतिकशास्त्रज्ञ. संस्थेच्या 'द रेकॉर्ड न्यूज'मध्ये तबकड्यांच्या याद्या आणि कलावंतांची माहिती छापली गेली.

मी राहतो कर्जत स्टेशनजवळच्या भिसेगावात. इथल्या पावसाळ्यात कपाटातल्या पट्ट्यावर बुरशी चढते, तिथे तबकड्यांची पुठ्ठ्याची पाकिटं काय टिकणार? त्यामुळे मी मूळ तबकड्या नाही, प्रती जपतो. एक घरी, एक दुसऱ्या गावी. दर काही महिन्यांनी दोन्हींचे चेकसम जुळवतो. खरखर काढलेली प्रत वेगळी ठेवतो, मूळ प्रतीला हात लावत नाही. खरखरीचा अंदाज बांधता येत नसल्यामुळे फ्लॅकला तिची घडी नीट घालता येत नाही, आणि फाइलमधली बरीच जागा तीच खाते. तरी ती ठेवायची. उद्या कुणाकडे तिच्याखालचा आवाज काढण्याची याहून चांगली पद्धत असेल, तर त्याला ती खरखर लागेल.