गळ्यातली अक्षमाळा

नारदस्मृतीत द्यूतसमाह्वय हे प्रकरण अगदी लहान आहे, आणि वाचणारे बहुधा ते ओलांडून पुढे जातात. खोट्या फाशांनी खेळणाऱ्याचे काय करावे, हा त्यातला एक प्रश्न. उत्तर असे, की त्याच्या गळ्यात फाशांची माळ घालावी आणि त्याला द्यूतगृहाबाहेर घालवून द्यावे. याज्ञवल्क्याने हेच अधिक कठोरपणे सांगितले: अंगावर खूण करून राजाने अशांना हद्दपार करावे. अक्षमाळा म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर जपाची माळ येते. येथे ती बेइमानीची पाटी झाली आहे. शिक्षेचे दोन भाग लक्षात ठेवण्याजोगे आहेत. एक, खेळाच्या जागेतून बाहेर काढणे. दुसरा, बाहेर काढलेला माणूस चारचौघांना ओळखू येईल अशी व्यवस्था करणे.

हे जुने वचन आम्हांस पुन्हा काढून वाचावेसे वाटले ते वर्गाबाहेर ऐकू येणाऱ्या एका वाक्यामुळे. परतवाड्यात मराठी शिकवणाऱ्या आम्हा अध्यापकांच्या कानांवर गेल्या काही वर्षांत ‘आयडी बॅन झाली नं सर’ हे वाक्य इतक्यांदा पडले आहे, की त्याचा इतिहास शोधणे हे भाषेच्या अभ्यासकाचेही काम आहे असे आमचे मत झाले. ‘मला बॅन केले’ असे मुलगा म्हणत नाही. आयडी बॅन झाली म्हणतो. शिक्षा नावाला झाली आहे, देहाला नाही, हे व्याकरणानेच सांगून टाकले. मात्र ते सांगताना त्याचा चेहरा पाहिला तर नाव आणि देह यांतले अंतर वाटते तितके मोठे नसावे.

संगणकावरचे अनेकांनी मिळून खेळायचे खेळ विसाव्या शतकाच्या अखेरीस इंटरनेटवर आले, आणि त्यांच्यामागोमाग भिंतीआडचे दाखवणारे, नेम आपोआप धरून देणारे चोरप्रोग्रामही आले. प्रारंभी न्याय स्थानिक होता. ज्याच्या सर्व्हरवर खेळ चाले तो त्याचा पाटील. त्याला संशय आला की तो खेळाडूला बाहेर काढी, आणि तो खेळाडू शेजारच्या सर्व्हरवर जाऊन बसे. गावातून काढलेला माणूस दुसऱ्या गावी राहू शकतो, तसेच हे होते. २००० साली ‘पंकबस्टर’ हा पहारेकरी प्रोग्राम आला. २००२ मध्ये व्हॉल्व्ह कंपनीने ‘काउंटर-स्ट्राइक’ या खेळासाठी ‘व्हॅक’ ही यंत्रणा सुरू केली, आणि येथून गावोगावचा न्याय एका राजधानीत गेला. व्हॅकची पहिली बंदी अवघी चोवीस तासांची होती. ती वाढत एक वर्षाची झाली, मग पाच वर्षांची, आणि २००५ मध्ये नव्या आवृत्तीबरोबर कायमची. तीन वर्षांत एका दिवसाची शिक्षा जन्मठेपेपर्यंत पोहोचली. दंडनीतीच्या इतिहासात इतकी वेगवान चढण क्वचित सापडेल.

बंदी लागलेल्या खात्याचे पुढे काय होते? ते खाते नाहीसे होत नाही. विकत घेतलेला खेळ तेथेच असतो, पण संरक्षित सर्व्हरचे दार उघडत नाही. त्या खेळात जमवलेल्या वस्तू दुसऱ्याला देता वा विकता येत नाहीत. खात्याच्या दर्शनी पानावर बंदीची नोंद येते आणि ती लागून किती दिवस झाले याचा आकडाही येतो. नारदाची माळ ती हीच, फक्त आता मणी रोज एकेक वाढतो.

चोर ओळखायचा कसा, या प्रश्नाशी आमच्या वऱ्हाडाचे नाते जुने आहे. दमयंती विदर्भाची राजकन्या; तिचे कुंडिनपूर म्हणजे अमरावती जिल्ह्यातले वर्धेकाठचे कौंडण्यपूर, असे आपल्याकडे मानतात. नल पुष्कराशी फासे खेळून हरला तो सरळ खेळात नव्हे. कली नलाच्या अंगात शिरला होता आणि द्वापर फाशांत. वरून पाहणाऱ्याला फासे पूर्वीसारखेच दिसत होते. संगणकाच्या स्मृतीत दडून बसलेल्या चोरप्रोग्रामचे याहून चांगले वर्णन आमच्या वाचनात नाही. पुढे नल बाहुक होऊन, रूप पालटून, सारथी म्हणून विदर्भात येतो, तेव्हा दमयंती केशिनी दासीला त्याच्यावर नजर ठेवायला पाठवते. केशिनी चेहरा पाहत नाही, वागणे पाहते. रिकामे भांडे त्याने पाहताच पाण्याने भरते, गवताची काडी त्याच्या हाती पेटते, ठेंगणे दार त्याच्यासाठी उंच होते. शेवटी दमयंती त्याने शिजवलेले मांस चाखते आणि खात्री करून घेते.

आजच्या पहारेकरी प्रोग्रामांच्याही या दोन जाती आहेत. एक जात ज्ञात चोरप्रोग्रामांची ठेवण जवळ बाळगते आणि खेळाडूच्या संगणकात ती सापडते का ते तपासते. दुसरी केशिनीची: हाताची हालचाल, नेमाचा वेग, मान वळवण्याची लकब यांवरून हे माणसाचे खेळणे आहे की यंत्राचे ते ठरवते. २०१८ मध्ये व्हॉल्व्हने जाहीरपणे मांडलेली ‘व्हॅकनेट’ ही शिकणारी यंत्रणा या दुसऱ्या जातीतली. रायट कंपनीचा २०२० मधला ‘व्हॅनगार्ड’ मात्र पहिल्या मार्गाने फार खोल गेला. तो संगणकाच्या गाभ्यात, इतर सर्व प्रोग्रामांच्या खाली ठाण मांडतो. चोर पकडण्यासाठी घराची किल्ली कोतवालाकडे ठेवावी का, हा वाद तेव्हापासून चालू आहे. आमचा कल नकाराकडे आहे, पण रोज हरणाऱ्या प्रामाणिक खेळाडूला तसे सांगणे सोपे नाही.

आता चुकीबद्दल. २०१० च्या जुलैत व्हॅकने ‘मॉडर्न वॉरफेअर २’ खेळणाऱ्या सुमारे १२,००० जणांवर बंदी घातली. त्यांच्यापैकी कोणीही लबाडी केली नव्हती. खेळ चालू असताना कंपनीच्याच यंत्रणेने डिस्कवरची एक फाइल बदलली. स्मृतीतली प्रत आणि डिस्कवरची प्रत जुळेना, आणि पहारेकऱ्याने तो घोटाळा खेळाडूचा मानला. बंदी उठली, क्षमा मागितली गेली, प्रत्येकाला एक खेळ फुकट मिळाला. २०२३ च्या ऑक्टोबरात एएमडी कंपनीच्या एका नव्या सोयीने ‘काउंटर-स्ट्राइक २’ च्या कामकाजात हात घातला, आणि ती वापरणाऱ्यांची खाती बंद झाली. एएमडीने ती सोय मागे घेतली, व्हॉल्व्हने बंद्या उठवल्या. या दोन्ही वेळी न्याय मिळाला याचे कारण एकाच वेळी अनेकांवर अन्याय झाला होता. एकट्यावर झालेल्या अन्यायाला असा मोठा आवाज मिळत नाही. व्हॅकची बंदी कायमची असते, तिच्यावर वाटाघाट नाही, असे कंपनीचे स्पष्ट धोरण आहे. आणि पुरावा दाखवला तर चोरांना पळवाट कळेल, म्हणून तो दाखवला जात नाही. हे कारण खोटे नाही. पण त्यामुळे आरोपीला आपला आरोप पुरता कधीच कळत नाही.

येथे महाराष्ट्राच्या इतिहासातले ग्रामण्य आठवते. ४ ऑक्टोबर १८९० रोजी पुण्याच्या पंचहौद मिशनमध्ये झालेल्या सभेत चहा देण्यात आला. कोणी तो घेतला, कोणी घेतला नाही. गोपाळराव जोशी यांनी उपस्थितांची नावे ‘पुणे वैभव’मध्ये छापवली आणि प्रकरण शंकराचार्यांपर्यंत गेले. टिळकांनी काशीस प्रायश्चित्त घेतल्याचे दाखवले. रानड्यांनी १८९२ मध्ये प्रायश्चित्त घेतले आणि सुधारकांचा रोष ओढवून घेतला. त्या यादीचे आणि आजच्या बंदीच्या यादीचे साम्य उघड आहे. नाव छापले जाणे हीच अर्धी शिक्षा. फरक मात्र महत्त्वाचा आहे: ग्रामण्यात आरोप कोणी केला ते माहीत होते, चौकशीला शास्त्री नेमले गेले होते, बाजू मांडता येत होती, आणि मुख्य म्हणजे परत येण्याची वाट होती. प्रायश्चित्त कितीही अपमानास्पद असो, ते एक दार होते.

हे साम्य फार ताणू नये, हेही सांगायला हवे. वाळीत टाकलेल्या कुटुंबाचे पाणी, विस्तव, सोयरीक, अंत्यविधी तुटत असत. आणि ज्यांना जन्मानेच बाहेर ठेवले होते त्यांच्यासाठी प्रायश्चित्ताचे दारही नव्हते. डॉ. आंबेडकरांनी १९२७ मध्ये पाक्षिकाला ‘बहिष्कृत भारत’ हे नाव दिले ते यासाठी. सामाजिक बहिष्काराविरुद्ध महाराष्ट्राला २०१६ मध्ये स्वतंत्र कायदा करावा लागला आणि तो २०१७ मध्ये अमलात आला. मोबाइलवरचा खेळ बंद होणे हे त्याच्या जवळपासही येत नाही. तुलना केवळ न्यायपद्धतीची आहे, दुःखाची नाही.

भारतातले सर्वांत गाजलेले प्रकरण २०१८ च्या ऑक्टोबरचे. शांघाय येथे आशियाई स्पर्धेत ‘ऑप्टिक इंडिया’चा संघ व्हिएतनामच्या संघाशी ‘काउंटर-स्ट्राइक’ खेळत असताना पंचांना एका खेळाडूच्या संगणकाचा संशय आला. तपासायला पंच आले तेव्हा त्याने घाईने फाइल पुसण्याचा प्रयत्न केला. त्या चोरप्रोग्रामचे नाव ‘वर्ड’ ठेवलेले होते, जणू कोणी निबंध लिहीत बसला होता. संघ स्पर्धेतून बाद झाला, कंपनीने संपूर्ण भारतीय संघच मोडला, आणि त्या खेळाडूवर पाच वर्षांची बंदी आली. त्याने स्वतःसाठी निवडलेले खेळातले नाव होते ‘फोर्सेकन’, म्हणजे टाकून दिलेला. नाटककाराने असे नाव योजले असते तर आम्ही त्यास ढोबळ म्हटले असते. आम्हांस अधिक बोचते ते उरलेल्या चौघांचे. त्यांनी फासे बदलले नव्हते, तरी माळ त्यांच्याही गळ्यात पडली.

कौटिल्याची दृष्टी या बाबतीत निराळी आहे. त्याच्या अर्थशास्त्रात द्यूताध्यक्ष एकाच जागी द्यूत चालवतो, फासे स्वतः पुरवतो, आणि जिंकलेल्या द्रव्यातून शेकडा पाच घेतो. फासे बदलणाऱ्याला बारा पण दंड. कपटाने खेळणाऱ्याला पूर्वसाहस दंड, शिवाय जिंकलेले परत घेणे. म्हणजे गुन्ह्याच्या मापाने शिक्षा. पण फासे पुरवणारा, वाटा घेणारा आणि दंड करणारा एकच, ही गोष्टही त्यात आहे, आणि आजच्या खेळकंपन्यांत ती जशीच्या तशी उतरली आहे. कंपनी खेळ चालवते, त्यातले पोशाख नि शस्त्रे विकते, आणि न्यायही करते.

आमच्या मुलांचा संबंध येतो तो मोबाइलवरच्या ‘बीजीएमआय’शी. २ सप्टेंबर २०२० रोजी केंद्र सरकारने ‘पबजी मोबाइल’सह एकूण ११८ अॅप्सवर बंदी घातली, प्रामाणिक आणि लबाड असे दोन्ही खेळाडू एकाच आदेशाने बाहेर पडले. २ जुलै २०२१ रोजी क्राफ्टन कंपनीने ‘बीजीएमआय’ आणला आणि जुन्या खात्यातली जमापुंजी नव्यात आणण्याची काही काळ मुभा दिली. मग लबाड खात्यांच्या याद्या जाहीर होऊ लागल्या. बॅन झालेला नवी आयडी काढून परत येई. म्हणून डिसेंबर २०२१ पासून कंपनीने खात्याऐवजी उपकरणावरच कायमची बंदी घालण्यास प्रारंभ केला.

महानगरात एक माणूस आणि एक फोन असे धरून केलेला हा नियम असावा. आमच्याकडे एकाच फोनवर दोन भाऊ आणि एक मामेभाऊ आपापल्या आयडीने खेळतात, आणि दिवाळीनंतर तोच फोन विकायला निघतो. धाकट्याने कुठून तरी हॅक उतरवून घेतला तर थोरल्याची तीन वर्षांची आयडी त्या फोनवर उघडत नाही. फोन विकत घेणाऱ्याने काच पाहिलेली असते, बॅटरी पाहिलेली असते, डबा आणि पावती मागितलेली असते. आणि घरी जाऊन त्याने खेळ सुरू केला की पडद्यावर त्याने न केलेल्या अपराधाची सूचना येते.