वाटाण्याचें रोप



कोल्हापुरांत, त्यांतहि राजारामपुरींत राहणाऱ्या मनुष्यानें सिनेमाविषयीं बोलावयाचें म्हणजे प्रथम बाबूराव पेंटरांचें नांव घ्यावयाचें, अशी आमच्याकडील रीत आहे. १९१८ च्या सुमारास त्यांनीं स्वतः कॅमेरा घडविला, हा आम्हां कोल्हापूरकरांचा अभिमान. परंतु आज मला त्याहि आधींची, एका वाटाण्याच्या रोपाची हकीकत सांगावयाची आहे.

१९१२ सालीं दादासाहेब फाळके लंडनमध्यें विल्यमसन कॅमेरा खरेदी करून मुंबईस परतले. तत्पूर्वीं अतिश्रमानें त्यांची दृष्टि कांहीं काळ गेली होती, ती उपचारांनीं परत आलेली. भांडवल नव्हतें, आणि चित्रपट काढतों म्हटल्यास कोणी विश्वास ठेवीना. तेव्हां त्यांनीं घरच्या कुंडींत वाटाणे पेरले, समोर कॅमेरा रोखला, आणि ठराविक अवधीनें एकेक चित्र घेत महिन्याहून अधिक काळ घालविला. पडद्यावर मात्र बीं फुटून रोप उभें राहण्यास मिनिटभर पुरलें! इंग्लंडांत पर्सी स्मिथ यांनीं १९१० सालीं उमलत्या फुलांचा असाच चित्रपट केला होता.

फाळक्यांनीं रोज एकच चित्र घेतलें, असें पुष्कळ ठिकाणीं लिहिलेलें आढळतें. मीं जन्मभर शाळेंत गणित शिकविलें. मला तें पटत नाहीं. सेकंदास सोळा चित्रें धरलीं, तर तीस दिवसांचीं तीस चित्रें दोन सेकंदांतच संपतील. मिनिटास ९६० हवींत. म्हणजे दिवसांतून कित्येकदां त्यांना कॅमेऱ्यापाशीं उठून जावें लागलें असेल.

यंत्रानें रोपास घाई केली, असें पाहणाऱ्यास वाटतें. वस्तुतः रोपानेंच यंत्राला महिनाभर तिष्ठत ठेवलें. वर्गांत मी मुलांना ओल्या टीपकागदावर हरभरे ठेवावयास सांगत असें. दुसऱ्या-तिसऱ्या दिवशीं कोणी ना कोणी अंकुर नखानें उकलून पाही, आणि तो मरे. फाळक्यांचा कॅमेरा रोपाला हात न लावतां पाहत राहिला, हें मला त्या प्रयोगांतलें मोठें वाटतें. पुढील त्यांच्या पौराणिक चित्रपटांतील चमत्कारांहूनहि मोठें. मग कोणी हंसो.

हा चित्रपट त्यांनीं मोजक्या मंडळींस दाखविला आणि कर्ज मिळविलें. त्यांतून 'राजा हरिश्चंद्र' उभा राहिला व ३ मे १९१३ रोजीं मुंबईच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्यें लागला. त्या वेळीं कच्च्या फिल्मेच्या कडांना भोकें पाडण्याचें काम सरस्वतीबाई फाळके घरींच करीत.