टॉमी रामोन : ड्रममागचा सूत्रधार

पंक रॉकचा विषय निघाला की फाटक्या जीन्स, काळी चामडी जाकिटे आणि 'रामोन्स' हे नाव हमखास पुढे येते. न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागात १९७४ मध्ये जन्मलेल्या या बँडमधील गायक जोई, गिटारवादक जॉनी आणि बास गिटार वाजवणारे डी डी यांच्याविषयी विपुल लिहिले गेले आहे. चौथे टॉमी रामोन हे जेमतेम चार वर्षे बँडमध्ये ड्रम वाजवत होते. त्यामुळे त्यांचे नाव यादीत शेवटी येते, अनेकदा येतही नाही. वास्तविक रामोन्सची मूळ कल्पना, त्यांचा ठेका आणि पहिल्या अल्बमांचा नाद यांच्यामागे कोण होते, याचा शोध घेऊ लागले की वाट टॉमी यांच्यापाशीच येऊन थांबते.

त्यांचे मूळ नाव तामाश एर्देयी. जन्म २९ जानेवारी १९४९ रोजी हंगेरीची राजधानी बुडापेस्ट येथे झाला. आईवडील ज्यू असून व्यवसायाने छायाचित्रकार होते. दुसऱ्या महायुद्धातील नरसंहारात शेजाऱ्यांनी लपवून ठेवल्यामुळे ते दोघे वाचले. नात्यातील अनेकांना मात्र प्राणास मुकावे लागले. १९५६ चा हंगेरियन उठाव चिरडला गेल्यानंतर, १९५७ मध्ये, हे कुटुंब अमेरिकेत आले आणि तामाशचे टॉमस झाले. क्वीन्समधील फॉरेस्ट हिल्सच्या शाळेत त्यांची जॉन कमिंग्ज या मुलाशी गाठ पडली. हेच पुढचे जॉनी रामोन. साठच्या दशकाच्या मध्यास दोघांनी 'टँजरीन पपेट्स' नावाचा बँड केला होता. त्यात टॉमी गिटार वाजवत असत, ड्रम नव्हे.

पुढे टॉमी 'रेकॉर्ड प्लांट' या ध्वनिमुद्रणगृहात सहायक तंत्रज्ञ म्हणून लागले. जिमी हेंड्रिक्स यांच्यासारख्या कलावंताचे काम त्यांनी तेथे जवळून पाहिले. माइक कोठे ठेवावा, कोणते वाद्य किती पुढे आणावे, हे ज्ञान रामोन्समधील इतर तिघांपाशी नव्हते. दुसरा संस्कार 'न्यूयॉर्क डॉल्स' या बँडचा. वादनात फारसे निष्णात नसूनही हे तरुण श्रोत्यांना झपाटून टाकत. वादनकौशल्याहून कल्पना आणि आवेश मोठा, अशी खूणगाठ टॉमी यांनी तेव्हा बांधली आणि जॉनी यांच्यामागे बँड काढण्याचा लकडा लावला.

३० मार्च १९७४ रोजी रामोन्सचा पहिला कार्यक्रम झाला. त्या दिवशी ड्रमवर होते जोई, गात होते डी डी, आणि टॉमी हे केवळ व्यवस्थापक व सल्लागार होते. म्हणजे काटेकोर हिशेब केला तर बँडचे पहिले ड्रमवादक जोईच ठरतात! ही मांडणी जमेना, तेव्हा जोई यांनी गावे असे टॉमी यांनी सुचवले आणि नव्या ड्रमवादकाचा शोध सुरू झाला. अनेकांची चाचणी घेतली गेली. येणारा प्रत्येक जण आपली करामत दाखवू लागे. नेमके काय हवे आहे ते समजावण्यासाठी टॉमी स्वतः ड्रमवर बसून दाखवत. अखेर 'तूच का वाजवत नाहीस?' असा विचार इतरांच्या मनात आला. आयुष्यात कधी ड्रम न वाजवलेला माणूस अशा रीतीने ड्रमवादक झाला. पुढे सर्वांनी रामोन हेच आडनाव घेतले, त्यांच्यात रक्ताचे नाते मात्र कोणाचेही नव्हते.

या ठेक्यात विशेष ते काय होते? त्या काळी रॉकमध्ये ड्रमवादकाचे एकल वादन प्रतिष्ठेचे मानले जाई. लेड झेपेलिनचे जॉन बोनहॅम कार्यक्रमात पंधरा-वीस मिनिटे एकटे वाजवत आणि श्रोते त्यावर खूश असत. टॉमी यांनी हे सारे बाजूला सारले. हाय-हॅट म्हणजे पायाने मिटणाऱ्या झांजांच्या जोडीवर प्रत्येक आवर्तनात आठ समान आघात, दुसऱ्या व चौथ्या मात्रेला स्नेअर ड्रमवर ठोका, खाली पायाच्या मोठ्या ड्रमचा आधार, बस्स, एवढेच. मधल्या जागा भरणारे रोल जवळजवळ नाहीत. डी डी यांनी 'वन, टू, थ्री, फोर' म्हणताच सुरू होणारी ही लय गाणे संपेपर्यंत तसूभरही ढळत नसे. ऐकताना हे सोपे वाटते. पण द्रुत लयीत केवळ ठेका धरून राहणे आणि हात शिवशिवत असताना एकही जादा ठोका न मारणे याला किती संयम लागतो, हे साथसंगत करणाऱ्या कोणालाही विचारावे. जॉनी यांची खालच्या दिशेने सतत छेडलेली गिटार या ठेक्याला चिकटून धावे, आणि दोन मिनिटांत गाणे आटोपे.

१६ ऑगस्ट १९७४ रोजी मॅनहॅटनमधील 'सीबीजीबी' या क्लबात ते प्रथम वाजले. सायर रेकॉर्ड्ससाठी पहिला अल्बम फेब्रुवारी १९७६ मध्ये केवळ ६,४०० डॉलरांत ध्वनिमुद्रित झाला आणि २३ एप्रिलला बाजारात आला. चौदा गाणी, अवधी एकोणतीस मिनिटे. निर्माते क्रेग लिऑन, सहनिर्माते टॉमी. गाण्यांचे श्रेय मात्र व्यक्तिशः कोणालाच न देता 'रामोन्स' असे एकत्र छापले गेले. हा निर्णय एकोप्याला शोभणारा असला, तरी त्यात टॉमी यांचे लेखन झाकले गेले. 'आय वॉना बी युअर बॉयफ्रेंड' हे गाणे त्यांचे. आजही क्रीडांगणांवर ज्याची आरोळी घुमते ते 'ब्लिट्झक्रीग बॉप'ही मुख्यतः त्यांचेच. 'ब्लिट्झक्रीग' हा शीर्षकातील युद्धसूचक शब्द डी डी यांनी घातला. नाझींच्या तावडीतून सुटलेल्या आईबापांच्या मुलाचे सर्वांत गाजलेले गाणे जर्मन युद्धतंत्राच्या नावाने ओळखले जावे, हा योगायोग चमत्कारिकच.

अमेरिकेत हा अल्बम १११ व्या क्रमांकापलीकडे गेला नाही. ४ जुलै १९७६ रोजी लंडनच्या 'राउंडहाऊस' येथे मात्र त्यांचे जंगी स्वागत झाले. त्या कार्यक्रमातून ब्रिटिश पंकचा जन्म झाला, ही दंतकथा जपून घ्यावी. त्याच दिवशी शेफील्ड येथे सेक्स पिस्टल्सच्या कार्यक्रमात 'द क्लॅश' हा बँड प्रथमच रंगमंचावर आला होता. ठिणगी तेथेही होतीच, रामोन्सने तिला वेग दिला असे म्हणणे रास्त.

१९७७ मध्ये 'लीव्ह होम' आणि 'रॉकेट टू रशिया' हे दोन अल्बम निघाले. दोन्हींच्या निर्मितीत टॉमी होते. वर्षाच्या अखेरच्या रात्री लंडनच्या 'रेनबो' नाट्यगृहातील कार्यक्रम मुद्रित झाला. १९७९ मध्ये आलेला 'इट्स अलाइव्ह' तो हाच. टॉमी यांचा ठेका खऱ्या अर्थाने ऐकावयाचा तर येथे. पण अखंड दौरे आणि गाडीतील कोंडलेला प्रवास यांनी ते खचले होते. १९७८ मध्ये त्यांनी ड्रम सोडले व मार्क बेल हे 'मार्की रामोन' या नावाने आले. ही फारकत भांडणाची नव्हती. मार्की ज्यात प्रथम वाजले त्या 'रोड टू रुइन'चे निर्माते एड स्टेसियम यांच्यासह टॉमीच होते. १९८४ च्या 'टू टफ टू डाय'साठीही हीच जोडी परतली.

बाहेरच्या बँडांसाठी केलेल्या कामात 'द रिप्लेसमेंट्स'चा 'टिम' (१९८५) महत्त्वाचा. गाणी सरस, पण ध्वनिमिश्रण कोरडे व दबलेले, असा आक्षेप रसिकांनी वर्षानुवर्षे घेतला आणि तो गैरवाजवी म्हणता येत नाही. २०२३ मध्ये स्टेसियम यांनी केलेले नवे मिश्रण प्रसिद्ध झाले, तेव्हा ड्रम कोठे दडले होते ते कळले. ज्याने स्वतःच्या ठेक्याने ख्याती मिळवली त्याच्याच हातून असे व्हावे, हे कोडे आहे.

जोई २००१ मध्ये, डी डी २००२ मध्ये आणि जॉनी २००४ मध्ये निवर्तले. मूळ चौकडीतील टॉमी एकटेच उरले. मात्र जुन्या कीर्तीवर दौरे काढण्याऐवजी ते क्लॉडिया टिएनन यांच्यासह 'अंकल मंक' या जोडीत मँडोलिन आणि बँजो वाजवत राहिले. अमेरिकेच्या डोंगराळ भागातील ब्लूग्रास संगीतात त्यांना पंकसारखाच घरगुती साधेपणा दिसत असे. पहिल्या अल्बमला अमेरिकेत 'सुवर्ण' प्रमाणपत्र मिळण्यास एप्रिल २०१४ उजाडला. त्यानंतर अवघ्या काही आठवड्यांनी, ११ जुलै २०१४ रोजी, पित्तनलिकेच्या कर्करोगाने क्वीन्समधील राहत्या घरी त्यांचे निधन झाले. ते ६५ वर्षांचे होते.