ह्यूम, ॲलन ऑक्टेव्हियन

ह्यूम, ॲलन ऑक्टेव्हियन : (१८२९–३१ जुलै १९१२). ब्रिटिश सनदी अधिकारी, पक्षिशास्त्रज्ञ व नमुनासंग्राहक. १८८५ साली मुंबईत भरलेल्या काँग्रेसच्या पहिल्या अधिवेशनामुळे त्यांचे नाव सर्वपरिचित झाले. त्याच वर्षी त्यांनी सुमारे ८२,००० पक्षिनमुने लंडनच्या ब्रिटिश संग्रहालयाला दिले. हा आकडा मोठा असला, तरी त्यांच्या कार्याचे खरे मोल नमुन्यांसोबतच्या नोंदींत आहे, आणि जयपूरजवळच्या सांभर सरोवरावरून ते नेमके कळते.

१८६७ पासून ह्यूम अंतर्गत जकात खात्याचे आयुक्त होते. मिठावरील कर याच खात्याकडे असल्याने त्याचे अधिकारी आडबाजूच्या ठिकाणी दीर्घकाळ मुक्कामाला असत. १८७० च्या सुमारास सांभर सरोवर जयपूर व जोधपूर संस्थानांकडून भाडेपट्ट्याने इंग्रज सरकारकडे आले. तेथील जकात अधिकारी आर. एम. ॲडम यांनी १८७३ मध्ये ह्यूम यांच्या ‘स्ट्रे फेदर्स’ या नियतकालिकात सांभर परिसरातील पक्ष्यांची सविस्तर सूची प्रसिद्ध केली. पावसाळ्यात भरणाऱ्या आणि उन्हाळ्यात आटणाऱ्या सरोवराची पक्षिसृष्टी वाटसरूला कळत नाही. तिथे राहणाऱ्यालाच ती कळते. आपल्या संग्राहकांसाठी ह्यूम यांनी १८७४ मध्ये मार्गदर्शिकाही लिहिली. अशा कामात कातडी सोलून, आतून विषारी लेप लावून, कापूस भरत. पायाला बांधलेल्या चिठ्ठीवर स्थळ, तारीख, लिंग आणि डोळ्यांचा रंग लिहीत, कारण तो रंग कातडीत टिकत नाही. ह्यूम यांची सुमारे पंचवीस वर्षांची हस्तलिखित टिपणे सिमल्याच्या घरातून रद्दीत विकली गेली. ॲडम यांची सूची मात्र छापली गेल्यामुळे आजही हाताशी आहे.

एवढे पक्षी मारणे समर्थनीय होते का, हा आक्षेप रास्त आहे. आज तसा संग्रह कोणी करू नये. पण त्या काळी चांगल्या दुर्बिणी आणि सोबत नेता येतील अशी सचित्र पक्षिपुस्तके नव्हती. एकमेकांसारखे दिसणारे वटवटे पंख मोजल्याशिवाय वेगळे ओळखता येत नसत. शिवाय खरी नोंद शतकानंतरही उपयोगी पडते. ह्यूम यांनीच १८७३ मध्ये शास्त्रीय नाव दिलेल्या रानपिंगळ्याचा (एका लहान घुबडाचा) एक नमुना पक्षिसंग्राहक रिचर्ड माइनर्ट्झहागेन यांनी ब्रिटिश संग्रहालयातून चोरून त्याला १९१४ सालची, गुजरातमधील खोटी चिठ्ठी लावली होती. पक्षिशास्त्रज्ञ पामेला रासमुसेन यांनी ही लबाडी उघड केली. त्यानंतर दीर्घकाळ न दिसलेल्या या पक्ष्याचा शोध जुन्या, खऱ्या ठिकाणांकडे वळला आणि नोव्हेंबर १९९७ मध्ये शहाद्याजवळ रानपिंगळा पुन्हा सापडला. खोट्या चिठ्ठीने शोध भरकटवला, खरीने तो मार्गी लावला.

दुसरा आक्षेप अधिक बोचणारा आहे : भारतातला हा ठेवा लंडनला गेला. सिमल्यात किडीने ह्यूम यांचे हजारो नमुने खाल्ले होते, त्यामुळे देणगीमागे जतनाची खरी निकड होती. तरीही भारतीय अभ्यासकाला तो ठेवा दुरावला, हे नाकारता येत नाही. या ठेव्याची गरज आजही आहे : २०१९ मध्ये सांभरला बॉट्युलिझम या जिवाणुजन्य विषबाधेने हजारो पक्षी मेले. सरोवराची अशी हानी जोखायची तर तिथे पूर्वी काय होते हे माहीत असावे लागते, आणि त्यासाठी ॲडम यांची सूची हा प्रमुख आधार आहे. असाच आधार लंडनमधील नमुन्यांतही आहे. म्हणून त्यांच्या चिठ्ठ्या व मोजमापे जयपूर-मुंबईच्या अभ्यासकांना विनासायास मिळणे, हाच ह्यूम यांच्या संग्रहाचा न्याय्य उपयोग ठरेल.