बेलची मेबल

बोलपट पाहून इतिहास शिकू नये, असे मी वर्गात मुलांना बजावून सांगत असतो. पण टेलिफोनचा जनक अलेक्झांडर ग्रॅहॅम बेल याच्यावरचा १९३९ सालचा अमेरिकन बोलपट पाहिला, आणि पुस्तके धुंडाळावीशी वाटली ती त्यामुळेच. डॉन अमिची बेल झाला आहे, लॉरेटा यंग मेबल, आणि हेन्री फोंडा साहाय्यक वॉटसन. अमिचीची भूमिका इतकी गाजली की अमेरिकेत काही काळ लोक टेलिफोनलाच 'अमिची' म्हणू लागले!

१० मार्च १८७६ चा प्रसंग बोलपटात मोठा रंगला आहे. बेलच्या अंगावर अ‍ॅसिड सांडते, तो कळवळून वॉटसनला हाक मारतो, आणि ती हाक तारेतून पलीकडच्या खोलीत पोहोचते. बेलच्या त्या दिवसाच्या टिपणवहीत 'मिस्टर वॉटसन, इकडे या' हे शब्द आहेत. अ‍ॅसिडचा उल्लेख नाही. ती हकीकत वॉटसनने आपल्या आत्मचरित्रात सांगितली, तीही १९२६ साली. तोवर बेलला जाऊन चार वर्षे झाली होती. पन्नास वर्षांनंतरच्या आठवणीवर किती भिस्त ठेवावी, हे ज्याचे त्याने ठरवावे.

वेस्टर्न युनियनशी झालेल्या झगड्याचेही तसेच. पडद्यावर पत्नीने जपलेले पत्र कोर्टात पुरावा ठरते आणि प्रेमाचा विजय होतो. वस्तुतः तो दावा नोव्हेंबर १८७९ मध्ये चक्क तडजोडीने मिटला. वेस्टर्न युनियनने टेलिफोनचा धंदा सोडला आणि मोबदल्यात भाड्याच्या उत्पन्नाचा पाचवा हिस्सा घेतला. प्रेमपत्रापेक्षा हा व्यवहार रुक्ष खरा, पण माणसे तशीच वागतात.

माझे मन अडकले ते मेबलपाशी. पाचव्या वर्षी लोहितज्वराने तिची श्रवणशक्ती गेली. तिच्या वडिलांनी, वकील गार्डिनर हबर्ड यांनी, हाय खाल्ली नाही. नॉर्दॅम्प्टनची बहिऱ्यांची शाळा १८६७ साली निघाली, तीत त्यांचा मोठा हात होता. मेबल ओठ वाचायला शिकली. तिचे उच्चार सुधारावेत म्हणून बेलची शिकवणी लागली, आणि दहा वर्षांनी मोठे असलेले गुरुजी शिष्येच्या प्रेमात पडले. हबर्ड यांना हवे होते एका तारेवरून अनेक संदेश नेणारे तारयंत्र. बोलणाऱ्या तारेचा नाद त्यांना पोरखेळ वाटे. तरीही १४ फेब्रुवारी १८७६ रोजी बेलचा पेटंटचा अर्ज घाईने दाखल करवला तो याच सासरेबुवांनी. त्याच दिवशी एलिशा ग्रेचे कागदही त्याच कचेरीत पोहोचले होते!

११ जुलै १८७७ ला लग्न झाले. दहा भाग स्वतःकडे ठेवून कंपनीतले आपले बाकीचे सगळे भाग बेलने वधूला भेट दिले. टेलिफोनच्या मिळकतीची मालकीण झाली ती, आणि टेलिफोनवरचा एक शब्दही तिला कधी ऐकू येणार नव्हता. पडद्यावरची मेबल स्वच्छ, गोड आवाजात बोलते. खऱ्या मेबलचे बोलणे परक्या माणसाला सहज उमगत नसे.

बोलपट थोड्याच काळानंतर थांबतो, आणि नेमका तिथून पुढचा बेल मला अस्वस्थ करतो. १८८३ साली त्याने विद्वानांपुढे निबंध वाचला: बहिऱ्यांची बहिऱ्यांशी लग्ने होत राहिली तर बहिऱ्या माणसांची एक वेगळी जातच निर्माण होईल. वेगळ्या निवासी शाळा नकोत, खुणांची भाषा नको, बहिरे शिक्षक नकोत. स्वतःच्या आईला ऐकू येत नसे, तिच्याशी हा बोटांच्या अक्षरांनी बोलत असे. त्यानेच हे लिहावे? त्याचा हेतू वाईट नव्हता. सर्वांनी मेबलसारखे व्हावे, एवढेच त्याला वाटत होते. पण मेबलला श्रीमंत बाप होता, घरी शिकवणारी बाई होती, आणि बहिरी होण्यापूर्वी पाच वर्षे भाषा कानांवर पडली होती. जन्मतः बहिऱ्या गरीब मुलाने हे सारे कोठून आणावे? त्याच्या हातांची भाषा काढून घेतली, तर उरते काय? पाश्चात्य देशांतील बहिऱ्या लोकांचा बेलवरचा राग अजून गेलेला नाही, आणि तो मला अनाठायी वाटत नाही.

माझ्या वर्गात कमी ऐकू येणारा एक मुलगा होता. मी फळ्याकडे तोंड करून बोलू लागलो की तो शेजाऱ्याच्या वहीत डोकावे. दोनदा मी त्याला त्याबद्दल ओरडलो. कारण कळले ते वर्ष संपताना.