हतनूरचा गाळ

आमच्या मुक्ताईनगरला लहानपणी आम्ही एदलाबादच म्हणायचो. या तालुक्यात चांगदेवला तापी-पूर्णेचा संगम आहे, काठावर जुनं दगडी देऊळ आहे. संगमाच्या खालच्या अंगाला, हतनूरला, तापीवर 41 दरवाजांचं धरण बांधलं गेलं. 1982 साली ते पूर्ण झालं, तेव्हा मी शाळेत होतो. धरणाचा फुगवटा दोन्ही नद्यांच्या पात्रांत शिरला.

धरण बांधलं पाण्यासाठी. नद्यांनी पाण्याबरोबर मातीही आणली. तापी येते मुलताईहून, पूर्णा वऱ्हाडची काळी जमीन धुऊन. धावतं पाणी फुगवट्यात थबकलं की माती तळाशी बसते. वर्षानुवर्षांच्या गाळाने जलाशयाचे काठ उथळ झाले. उथळ पाण्यात ऊन तळापर्यंत पोचतं. पाणवनस्पती, गोगलगायी, किडे, मासोळ्या वाढतात. हिवाळ्यात परदेशी पाहुणे उतरतात ते याच पंगतीला: चक्रवाक, तलवार बदक, हिमालय ओलांडून आलेले पट्टकदंब. म्हणूनच हतनूरची गणना महत्त्वाच्या पक्षिक्षेत्रांत झाली.

अभियंत्याच्या वहीत मात्र हाच गाळ तोट्याच्या रकान्यात आहे, आणि तो तोटा खरा आहे. गाळाने जागा घेतली की पाणी तेवढं कमी साठतं. या पाण्यावर शेती आहे, गावांची तहान आहे. गाळ काढायलाच हवा. पण तो पक्षी परतल्यावर, उन्हाळ्यात काढावा. काठाचा थोडा उथळ पट्टा राखून काढावा. बदकांना ग्रामसभेत बसता येत नाही. त्यांचं म्हणणं आपणच मांडायला हवं.