कारोलिना, शार्लोटा आणि ‘स्ट्रोम’ : नावांची एक स्वीडिश कुळकथा

कारोलिना वीडेरस्ट्रोम (१८५६–१९४९) या मायदेशात विद्यापीठाचे शिक्षण घेऊन डॉक्टर झालेल्या पहिल्या स्वीडिश महिला. १० डिसेंबर १८५६ रोजी दक्षिण स्वीडनमधील हेलसिंगबोर्ग या बंदराच्या गावी त्यांचा जन्म झाला. वडील ओटो फ्रेडरिक वीडेरस्ट्रोम हे व्यायामशिक्षक आणि गुरांचे डॉक्टर होते, आई माहेरची डिलेन. वडिलांच्या वाटेने कारोलिनाही आधी स्टॉकहोमच्या व्यायाम महाविद्यालयात शिकल्या आणि १८७५ मध्ये तेथून बाहेर पडल्या. वैद्यकाकडे वळण्यासाठी शालान्त परीक्षा हवी होती, ती त्यांनी १८७९ मध्ये दिली. पुढे उप्साला, मग स्टॉकहोमची कारोलिन्स्का संस्था आणि १८८८ मध्ये वैद्यकीय परवाना. दुसऱ्याच वर्षी त्यांनी राजधानीत स्त्रीरोगांचा दवाखाना थाटला.

या नावाचे दोन तुकडे दोन वेगळ्या वाटांनी आले आहेत. ‘कारोलिना’ राजदरबार आणि लॅटिन भाषेच्या वाटेने आले, ‘वीडेरस्ट्रोम’ शहरी मध्यमवर्गाच्या.

कारोलिनाच्या मुळाशी ‘कार्ल’ आहे. हा जुना जर्मानिक शब्द, अर्थ ‘पुरुष’, ‘गडी’. आजच्या स्वीडिशमध्येही तो पुरुष याच अर्थाने रोजच्या बोलण्यात आहे. विशेषनाम म्हणून त्याला मोठेपण आले ते फ्रँक लोकांचा सम्राट शार्लमेन याच्यामुळे. लॅटिन लेखनिकांनी त्याच्या नावाचे ‘कारोलुस’ केले. पूर्वेकडच्या शेजाऱ्यांनी त्याचे नावच ‘राजा’ या अर्थी उचलले : पोलिश भाषेतला ‘क्रुल’, चेकमधला ‘क्राल’ आणि हंगेरियनमधला ‘किराय’ हे सगळे त्याचेच वंशज. ‘गडी’पासून ‘राजा’पर्यंतची एवढी बढती फार थोड्या शब्दांच्या वाट्याला आली असेल.

स्वीडनमध्ये या नावाचे राजे इतके झाले की त्यांची मोजदादच बिघडली. योहान्नेस माग्नुस या आर्चबिशपने लिहिलेला स्वीडनच्या राजांचा इतिहास १५५४ मध्ये रोममध्ये छापला गेला. त्यात त्याने प्राचीन काळातले सहा कार्ल राजे कल्पनेने उभे केले. सतराव्या शतकाच्या आरंभी गादीवर आलेल्या कार्लने हा हिशेब खरा धरून स्वतःला ‘नववा’ म्हणवून घेतले. त्या गणतीनेच आजचा राजा ‘सोळावा’ आहे. त्यातले पहिले सहा कधी जन्मलेच नव्हते. आर्चबिशपच्या कल्पनेतून आलेली ही चूक चारशे वर्षांनंतरही नाण्यांवर दिसते.

राजाचे नाव मुलीला द्यायचे तर त्याला स्त्रीलिंगी रूप लागते. ‘कारोलुस’वरून लॅटिन वळणाने ‘कारोलिना’ झाले आणि फ्रेंच ‘शार्ल’वरून ‘शार्लोट’, म्हणजे स्वीडिश ‘शार्लोटा’. अठराव्या-एकोणिसाव्या शतकात ही दोन्ही नावे राजघराण्यातून खाली झिरपत गेली. तेराव्या कार्लच्या राणीच्या लांबलचक नावातही शार्लोटा होतेच. घरात हाक मारताना कारोलिनाची ‘लीना’ झाली आणि शार्लोटाची ‘लोत्ता’. स्वीडिश पंचांगात वर्षातल्या बहुतेक दिवसांना माणसांची नावे जोडलेली असतात आणि त्या दिवशी त्या नावाच्या माणसाला शुभेच्छा देतात. कार्लचा दिवस २८ जानेवारी, शार्लमेनची पुण्यतिथी. कारोलिनाचा २० मे. ही पंचांगे छापण्याचा एकाधिकार १७४७ पासून १९७२ पर्यंत विज्ञान अकादमीकडे होता, त्यामुळे कोणत्या नावाला दिवस मिळावा हा प्रश्नही बराच काळ शास्त्रज्ञांच्याच अखत्यारीत राहिला.

वीडेरस्ट्रोम जिथे शिकल्या त्या कारोलिन्स्का संस्थेचे नावही याच कुळातले. रशियाबरोबरच्या युद्धात फौजेला चांगले शस्त्रवैद्य कमी पडले, म्हणून तेराव्या कार्लच्या कारकिर्दीत, १८१० मध्ये ती स्थापन झाली. स्त्रियांना वैद्यकाचा अभ्यास करण्याची मुभा मिळायला त्यानंतर साठ वर्षे लागली. १८७० मध्ये ती मिळाली, आणि १८७३ च्या राजाज्ञेने धर्मशास्त्र व कायद्याची वरची पदवी वगळता विद्यापीठाच्या इतर पदव्या स्त्रियांना खुल्या झाल्या.

या सवलतीची वाट न पाहता निघालेली एक स्त्री वीडेरस्ट्रोम यांच्याच गावची होती. शार्लोट यूलेन यांचा जन्मही हेलसिंगबोर्गचा, १८३९ चा. त्यांनी अमेरिकेत फिलाडेल्फियाच्या महिला वैद्यकीय महाविद्यालयातून १८७३ मध्ये पदवी घेतली. परत आल्यावर स्वदेशात व्यवसायाची परवानगी मिळाली नाही, तेव्हा त्या पुन्हा फिलाडेल्फियाला गेल्या आणि तिथेच रोगी तपासू लागल्या. म्हणजे परदेशी पदवी धरली तर पहिली स्वीडिश डॉक्टर शार्लोट, स्वदेशी धरली तर कारोलिना. दोघी एकाच बंदरातल्या आणि दोघींचीही नावे कार्लवरून. हा योगायोग वाटतो खरा, पण त्या काळच्या शहरी स्वीडिश घरांत ही दोन नावे इतकी चालत होती की तो फार मोठा योगायोग म्हणता येणार नाही.

आडनावांची गोष्ट याहून गुंतागुंतीची आहे. स्वीडनच्या बहुसंख्य लोकांना एकोणिसाव्या शतकापर्यंत आपल्या अर्थाने आडनाव नव्हतेच. शेतकऱ्याच्या घरात बापाच्या नावाला षष्ठीचा ‘स’ आणि मग ‘सोन’ म्हणजे मुलगा किंवा ‘दोत्तर’ म्हणजे मुलगी लावत. आंदेर्स नावाच्या माणसाचा मुलगा निल्स झाला ‘निल्स आंदेर्सोन’. त्या निल्सची मुलगी मात्र ‘निल्सदोत्तर’ आणि मुलगा ‘निल्सोन’. दर पिढीला ‘आडनाव’ बदलत असे. लग्नानंतर बाईचे नाव बदलत नसे, कारण नवऱ्याच्या बापाची ती मुलगी नव्हती. पद्धत तर्काला धरून होती. फक्त एका गावात पाच आंदेर्स आणि सात निल्स असले की पाद्र्याच्या नोंदवहीत गोंधळ उडे.

सरदारांनी यातून आधीच अंग काढून घेतले होते. १६२६ मध्ये सरदारसभेची घडी बसवताना प्रत्येक उमराव घराण्याला कुळनाव असणे आवश्यक झाले. अनेकांनी ते आपल्या ढालीवरच्या चिन्हावरून घेतले. ‘ओक्सेनशेर्ना’ म्हणजे बैलाचे कपाळ. ‘नात ओक दाग’ म्हणजे रात्र आणि दिवस. त्या घराण्याची ढाल निळी आणि सोनेरी अशी आडवी दुभागलेली आहे.

विद्वान आणि पाद्री लॅटिन-ग्रीककडे वळले. सर्वांत प्रसिद्ध उदाहरण पुन्हा एका डॉक्टरच्याच घरातले. स्मोलांड प्रांतातला निल्स इंगेमार्सोन लुंडला शिकायला गेला, तेव्हा विद्यापीठात नोंदवायला त्याला आडनाव हवे होते. घराण्याच्या जमिनीवर लिंडनचे एक मोठे झाड होते. त्यावरून त्याने ‘लिनेअस’ हे नाव घडवले. त्याच्या नातलगांनी त्याच झाडावरून ‘लिंडेलिउस’ आणि ‘टिलिआंडर’ अशी नावे घेतली. एका झाडाने तीन घराण्यांना नाव पुरवले. निल्सचा मुलगा कार्ल लिनेअस १७४१ मध्ये उप्सालात वैद्यकाचा प्राध्यापक झाला. सगळ्या वनस्पतींना दुहेरी लॅटिन नावे देणाऱ्या या माणसाचे स्वतःचे आडनाव जेमतेम एका पिढीचे होते. पुढे सरदारकी मिळाल्यावर त्याने तेही बदलून ‘फोन लिने’ करून घेतले. तापमापीचे अंश ज्याच्या नावाने ओळखले जातात त्या सेल्सियसचे आडनावही असेच, ‘टेकाड’ या अर्थाच्या घरठिकाणाचे लॅटिन रूप. पुढे लॅटिन शेपट्या झडू लागल्या आणि ‘एनिउस’चे नुसते ‘एन’ उरले. डिलेन, यूलेन ही नावे या वळणाची.

फौजेने स्वतःची पद्धत काढली. अकराव्या कार्लने १६८२ पासून जी सैन्यव्यवस्था बसवली तिच्यात काही शेतकरी मिळून एक शिपाई पोसत आणि त्याला छोटे खोपटे व जमिनीचा तुकडा देत. एका कंपनीत दहा आंदेर्सोन असून चालण्यासारखे नव्हते. हुकूम देताना एकाच दमात उच्चारता येईल असे नाव हवे : रास्क (चपळ), मूदिग (शूर), स्वेर्ड (तलवार), शोल्ड (ढाल). बऱ्याचदा हे नाव खोपट्याला चिकटलेले असे आणि जुना शिपाई गेला की नव्याला तेच मिळे. फिनलंडचा स्वीडिश भाषेतला कवी रूनेबेर्ग याच्या एका कवितेतली लोत्ता स्वेर्ड ही अशाच एका शिपायाची बायको. विसाव्या शतकात फिनलंडमधल्या स्त्रियांच्या संरक्षण-संघटनेने तिचेच नाव घेतले आणि स्वीडनमध्येही अशा संघटनेतल्या स्त्रिया ‘लोत्ता’ म्हणून ओळखल्या जाऊ लागल्या. ‘पुरुष’ या अर्थाच्या शब्दावरून आलेले घरगुती नाव आणि पुरुषी फौजेने दिलेले आडनाव यांची जोडी पूर्णपणे बायकांची झाली, ती अशी.

‘वीडेरस्ट्रोम’चा साचा या सगळ्यांहून नवा. अठराव्या आणि एकोणिसाव्या शतकात कारागीर, व्यापारी, शिक्षक, कारकून अशा शहरी लोकांनी दोन शब्द जोडून आडनावे घेण्याची चाल पाडली. शब्द बहुधा निसर्गातले : बेर्ग (डोंगर), लिंड (लिंडन), एक (ओक), ग्रेन (फांदी), क्विस्ट (डहाळी), दाल (दरी), स्ट्रोम (प्रवाह). जोडणीला अर्थाचे बंधन नव्हते. ‘लिंडग्रेन’ म्हणजे लिंडनची फांदी हे ठीक. पण ‘लिंडस्ट्रोम’, लिंडनचा प्रवाह, कोणी कधी पाहिला नसेल. काही वेळा पहिल्या तुकड्यात गावाचे नाव दडलेले असते : नाटककार स्ट्रिंडबर्गच्या आडनावातला ‘स्ट्रिंड’ हा ओंगेर्मानलांड प्रांतातल्या स्ट्रिने या गावाकडून आला आहे.

त्यामुळे एकोणिसाव्या शतकातल्या स्वीडनमध्ये आडनाव ऐकले की माणसाची पायरी कळे. ‘शेर्ना’ म्हणजे उमराव, ‘इउस’ किंवा ‘आंडर’ म्हणजे पाद्र्याचे घर, ‘स्ट्रोम’ म्हणजे शहरातले खाऊनपिऊन सुखी, ‘सोन’ म्हणजे शेतकरी. विद्यापीठाचे दार उघडल्यावर आत शिरणाऱ्या पहिल्या मुली कोणत्या घरांतल्या होत्या, हे त्यांच्या आडनावांवरूनही बरेचसे उमगते. अपवाद हेड्डा आंदेर्सोन (१८६१–१९५०) यांचा. लुंडला शिकून स्वीडनच्या दुसऱ्या महिला डॉक्टर झालेल्या हेड्डांच्या घरात बायका पिढ्यान्‌पिढ्या झाडपाल्याचे औषध देत. आजी मार्ना निल्सदोत्तर आणि आई दोघी वैदूच; आईला तर लोक ‘लुंडची बाई’ म्हणूनच ओळखत. पण आजी ‘दोत्तर’ आणि नात ‘सोन’, हे कसे? एकोणिसाव्या शतकात गावे सोडून शहरात आलेल्या कुटुंबांनी बापाचे ‘सोन’ नाव गोठवले आणि ते मुलींनाही लावले. तेव्हापासून लाखो स्वीडिश स्त्रिया कागदोपत्री कोणाचे तरी ‘मुलगे’ आहेत. शार्लोट यूलेनही त्यातून सुटल्या नाहीत. त्यांनी टिनिउस ओल्सेन या नॉर्वेजियन अभियंत्याशी लग्न केले आणि लॅटिन शेपटीऐवजी ‘ओलेचा मुलगा’ हे आडनाव आले.

१९०१ च्या अधिनियमाने नवी आडनावे घेण्यावर सरकारी नियम आले आणि दर पिढीला नाव बदलण्याची चाल जवळजवळ संपली. वीडेरस्ट्रोम तेव्हा शाळांतून मुलींना शरीर आणि आरोग्य शिकवत होत्या. त्यांचे ‘स्त्री-आरोग्य’ या विषयावरचे पुस्तक १८९९ मध्ये निघाले होते. १९१८ ते १९२१ या निर्णायक वर्षांत त्या स्त्री-मताधिकार संघटनेच्या अध्यक्ष होत्या आणि १९२१ च्या निवडणुकीत स्वीडिश स्त्रियांनी प्रथमच संसदेसाठी मत दिले. त्याच सुमारास आलेल्या १९२० च्या विवाहसंहितेने पत्नीला नवऱ्याच्या पालकत्वातून मोकळे केले, पण नवऱ्याचे आडनाव तिच्यावर बंधनकारक केले. शेतकऱ्याच्या बायकोला शतकापूर्वी जे आपोआप मिळत होते, ते मुक्तीच्या कायद्याने काढून घेतले. वीडेरस्ट्रोम यांनी लग्न केले नव्हते, त्यामुळे त्यांचे नाव जन्मापासून १९४९ पर्यंत तेच राहिले.

पुढे १९६३ च्या कायद्याने पत्नीला माहेरचे आडनाव ठेवता येऊ लागले आणि १९८२ मध्ये नवरा-बायको नावाच्या बाबतीत समान झाले. १ जुलै २०१७ पासून लागू असलेल्या कायद्यानुसार आईच्या किंवा बापाच्या नावाला ‘सोन’ वा ‘दोत्तर’ लावून पुन्हा आडनाव करता येते. दोन हजार किंवा त्याहून अधिक लोक जे आडनाव लावतात ते कोणालाही अर्ज करून घेता येते, म्हणजे आंदेर्सोन आणि लिंडस्ट्रोम सर्वांना खुले आहेत. याहून दुर्मीळ आडनाव घ्यायचे तर त्या घराण्याशी नाते दाखवावे लागते.